रोजगार हमीचा रुपया : तो येतो कोठून आणि अडतो कोठे

उन्हाळ्याच्या दिवसांत गावाच्या शिवारात नालाबांधाचे काम चालू असते. मजूर कुदळ, फावडे व पाट्या घेऊन येतात. त्यांची हजेरी लागते, झालेल्या कामाचे मोजमाप होते आणि काही दिवसांनी त्यांच्या खात्यात मजुरी जमा होते. कधी ती वेळेवर येते, कधी आठवडेच्या आठवडे येत नाही. मग मजूर ग्रामपंचायतीच्या कचेरीत येऊन विचारतो, “आमचा पैसा अडला कोठे?” ग्रामसेवक तालुक्याकडे बोट दाखवितो, तालुका जिल्ह्याकडे, आणि जिल्हा “वरून निधी आलेला नाही” असे सांगतो. हे “वर” म्हणजे नेमके कोठे, याचा उलगडा मात्र क्वचितच होतो.

हा उलगडा करून घेणे शेतकऱ्याच्या व ग्रामसेवकाच्या हिताचे आहे. कायद्याने कामाची हमी दिली तरी त्या हमीमागे कोणाची तिजोरी उभी आहे, त्या तिजोरीत पैसा कोणत्या मार्गाने येतो आणि तो कोणत्या अटीवर खाली सोडला जातो, यांवरच हमीचे खरे बळ ठरते. आडात नसेल तर पोहऱ्यात कोठून येणार, ही म्हण येथे अक्षरशः लागू पडते. आड एक नसून दोन आहेत, एक केंद्राचा आणि एक राज्याचा, हे प्रथम ध्यानात घ्यावयास हवे.

दोन तिजोऱ्या

भारताच्या राज्यघटनेने करांची आणि कर्तव्यांची वाटणी करून दिलेली आहे. घटनेच्या सातव्या अनुसूचीत तीन याद्या आहेत: संघाची, राज्यांची आणि उभयतांची सामाईक. आयातनिर्यातीवरील जकात, कंपन्यांवरील कर व शेतीखेरीज इतर उत्पन्नावरील प्राप्तिकर ही मोठी साधने संघाकडे आहेत. जमीन महसूल, वाहनांवरील कर, मद्यावरील उत्पादन शुल्क ही साधने राज्यांकडे आहेत. १ जुलै २०१७ पासून वस्तू व सेवा कर लागू झाला. तो दोघांनी मिळून बसवावयाचा असून त्याचे दर उभयतांच्या परिषदेत ठरतात.

आता कर्तव्यांकडे पाहावे. शेती, पाणीपुरवठा, सार्वजनिक आरोग्य, गावचे रस्ते व ग्रामपंचायती हे विषय राज्यांचे आहेत. म्हणजे खर्चाची बरीचशी कामे राज्यांकडे आणि वाढत्या उत्पन्नाचे अनेक कर केंद्राकडे, अशी ही रचना आहे. एकत्र कुटुंबात एका भावाकडे बागायत असावी आणि दुसऱ्या भावाकडे जिरायत, परंतु मुलाबाळांच्या शिक्षणाचा व औषधपाण्याचा भार मात्र जिरायतवाल्याकडे असावा, तशातला हा प्रकार होय. अशा कुटुंबात सालाच्या अखेरीस भावाभावांत काही देणेघेणे ठरवावेच लागते.

घटनाकारांनी हे ओळखले होते. म्हणूनच कलम २८० अन्वये दर पाच वर्षांनी अथवा त्यापूर्वी वित्त आयोग नेमण्याची व्यवस्था केलेली आहे. पहिला आयोग १९५१ मध्ये क्षितीशचंद्र नियोगी यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला. केंद्राने गोळा केलेल्या करांपैकी किती हिस्सा राज्यांना द्यावा आणि तो राज्याराज्यांत कसा वाटावा, याची शिफारस हा आयोग करतो. पंधराव्या वित्त आयोगाने २०२१ ते २०२६ या पाच वर्षांसाठी वाटण्याजोग्या करांपैकी ४१ टक्के हिस्सा राज्यांना ठरवून दिला. त्यात उत्तर प्रदेशाचा वाटा सुमारे १७.९ टक्के, बिहारचा सुमारे १० टक्के आणि महाराष्ट्राचा सुमारे ६.३ टक्के होता. ज्या राज्याचे दरडोई उत्पन्न कमी त्यास अधिक, हे तत्त्व त्यामागे आहे. केंद्राने बसविलेले उपकर व अधिभार मात्र या वाटपाच्या राशीत येत नाहीत.

याखेरीज केंद्र एखाद्या ठराविक कामासाठी राज्यांना अनुदान देऊ शकते. करांचा हिस्सा राज्याने आपल्या इच्छेने खर्चावयाचा असतो. ठराविक कामासाठी दिलेल्या पैशाबरोबर मात्र अटी येतात. हा भेद लहान दिसला तरी पुढील सर्व विवेचनाचे मूळ त्यातच आहे.

जुन्या दुष्काळाचा धडा

दुष्काळात लोकांना काम द्यावे आणि त्यासाठी वेगळा पैसा राखून ठेवावा, हा विचार नवा नाही. १८७६ ते १८७८ च्या भीषण दुष्काळात दख्खनमध्ये व मद्रास इलाख्यात असंख्य माणसे दगावली. त्यानंतर १८७८ मध्ये लॉर्ड लिटन यांच्या सरकारने दुष्काळाच्या विम्यासाठी म्हणून दरसाल दीड कोटी रुपये बाजूला काढण्याचे जाहीर केले. त्यासाठी व्यापारधंद्यांवर परवाना कर आणि काही प्रांतांत जमिनीवर उपकर बसविण्यात आला. हा परवाना कर लोकांस इतका जाचक वाटला की त्या वर्षी सुरतेस दंगाही झाला.

कर वसूल झाला. परंतु लवकरच अफगाणिस्तानचे युद्ध सुरू झाले, खर्च वाढला आणि दुष्काळासाठी म्हणून घेतलेला पैसा ठरल्याप्रमाणे बाजूला राहिला नाही. दुष्काळाच्या नावाने घेतलेला कर युद्धाकडे वळविला गेला, अशी टीका पुढे कित्येक वर्षे होत राहिली. १८८० च्या दुष्काळ आयोगानंतर प्रांतोप्रांती दुष्काळ संहिता तयार झाल्या आणि दुष्काळी कामे कशी उघडावीत याचे नियम ठरले. तथापि त्या संहितांनी प्रजेला कामाचा हक्क दिला नाही. दुष्काळ जाहीर करावयाचा की नाही, हे सरकारच्या मर्जीवर राहिले.

यातून दोन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. केवळ घोषणेने पैसा राखून ठेवला जात नाही, त्यास कायद्याचे कुंपण लागते. आणि पैसा असला तरी मागणाऱ्याच्या हातात हक्क नसेल तर तो पैसा त्याच्यापर्यंत पोहोचेलच असे नाही.

महाराष्ट्राने काढलेला मार्ग

स्वातंत्र्योत्तर काळात हे दोन्ही धडे एकत्र गुंफण्याचे काम महाराष्ट्राने केले. या कल्पनेचे जनक विठ्ठल सखाराम पागे हे १९६० ते १९७८ या काळात राज्याच्या विधान परिषदेचे सभापती होते. सांगली जिल्ह्यातील तासगाव तालुक्यात या कल्पनेचा आरंभीचा प्रयोग झाला. “मागेल त्याला काम” हे सूत्र त्यातून पुढे आले. वसंतराव नाईक मुख्यमंत्री असताना १९७२ मध्ये राज्याने रोजगार हमी योजना हाती घेतली.

तोच १९७२ चा दुष्काळ आला. ज्यांनी ते दिवस पाहिले त्यांना खडी फोडण्याची कामे, कामावर मिळणारी सुकडी आणि रेशनवरील तांबडी मिलो आजही आठवते. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यातील दुष्काळी कामांवर सुमारे ५० लक्ष माणसे होती. या कामांसाठी केंद्राकडून कर्ज व अनुदान या रूपाने साहाय्य मिळाले. परंतु ते साहाय्य दुष्काळापुरते होते. पाऊस पडला, दुष्काळ सरला, की ते बंद होणार हे उघड होते. गावातील भूमिहीन मजुराची आणि कोरडवाहू शेतकऱ्याची बेकारी मात्र पावसाबरोबर सरत नाही. सुगी संपली की ती दरसाल येते. कायमच्या हमीसाठी कायमचे उत्पन्न हवे, हे यावरून स्पष्ट झाले.

राज्याच्या हाती असलेल्या करांतूनच हे उत्पन्न उभे करावयाचे होते. घटनेच्या कलम २७६ ने राज्यांना व्यवसाय, व्यापार, आजीविका व नोकरी यांवर कर बसविण्याचा अधिकार दिलेला आहे. त्याचा उपयोग करून राज्याने १९७५ मध्ये व्यवसाय कराचा कायदा केला. नोकरदार, वकील, डॉक्टर, व्यापारी यांच्याकडून हा कर घेण्यात येऊ लागला. त्याच्या जोडीला विक्रीकर व मोटार वाहने यांवर जादा आकार, पाण्याखालील जमिनीवर विशेष आकारणी आणि शहरांतील बिगर निवासी इमारतींवर रोजगार हमी उपकर, अशी साधने उभी करण्यात आली.

१९७७ मध्ये विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी रोजगार हमीचा कायदा एकमताने संमत केला आणि तो २६ जानेवारी १९७९ पासून अंमलात आला. या कायद्यातील पैशाची तरतूद मुद्दाम समजून घेण्यासारखी आहे. रोजगार हमीसाठी एक स्वतंत्र निधी निर्माण करण्यात आला. या करांचे जितके उत्पन्न येईल ते त्या निधीत जावे आणि तितकीच रक्कम राज्य सरकारने आपल्या सर्वसाधारण तिजोरीतून त्यात घालावी, असा नियम करण्यात आला. १८७८ मध्ये जे कुंपण नव्हते ते येथे घालण्यात आले. दुसऱ्या बाजूने मजुरास काम मागण्याचा हक्क मिळाला. पंधरा दिवसांत काम न दिल्यास बेकारी भत्ता द्यावा लागेल, असे बंधन सरकारवर आले.

या व्यवस्थेचा अर्थ असा की, मुंबईतील कारकुनाच्या पगारातून कापलेले रुपये बीड, नगर अथवा यवतमाळच्या पाझर तलावावर खर्च होऊ लागले. केंद्र व राज्ये यांच्यात जी देवघेव वित्त आयोग घडवून आणतो, तशीच देवघेव राज्याच्या पोटात, शहर व खेडे यांच्या दरम्यान, सुरू झाली. ग्रामसेवकाच्या स्वतःच्या वेतनपत्रकातही व्यवसाय कराची ओळ असते. या कराची कमाल मर्यादा प्रथम वर्षाला २५० रुपये होती. १९८८ च्या साठाव्या घटनादुरुस्तीने ती २,५०० रुपये करण्यात आली. महिन्याला २०० रुपये व फेब्रुवारीत ३०० रुपये अशी जी कपात होते तिची बेरीज बरोबर २,५०० येते.

या मार्गाला मर्यादाही होत्या. ज्या राज्यात मुंबईसारखे शहर आहे त्याला हे साधले. ज्या राज्यात मोठे उद्योग नाहीत, नोकरदार थोडे आहेत आणि काम मागणारे हात मात्र फार आहेत, त्याने व्यवसाय कर बसवून किती पैसा उभारावा? गरज जेथे सर्वांत मोठी तेथेच तिजोरी सर्वांत रिकामी, हा पेच एकट्या राज्याला सोडविता येत नाही. महाराष्ट्रातही १९८८ मध्ये मजुरीचे दर सुमारे दुप्पट झाल्यानंतर कामांवरील मजुरांची संख्या घटत गेली. दर वाढले की तितक्याच कामाला अधिक पैसा लागतो, आणि तो मिळाला नाही तर कामे कमी निघतात, हा हिशेब सर्वांस समजण्यासारखा आहे.

देशव्यापी कायदा

महाराष्ट्राचा हा अनुभव समोर ठेवून संसदेने २००५ मध्ये राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा केला. २ फेब्रुवारी २००६ रोजी आंध्र प्रदेशातील अनंतपूर जिल्ह्यात बंडलापल्ली या गावी त्याचा आरंभ झाला. प्रथम २०० जिल्ह्यांत आणि १ एप्रिल २००८ पासून देशातील सर्व ग्रामीण जिल्ह्यांत तो लागू झाला. २ ऑक्टोबर २००९ रोजी त्यास महात्मा गांधींचे नाव देण्यात आले. प्रत्येक ग्रामीण कुटुंबास वर्षाला १०० दिवस अकुशल कामाची हमी त्याने दिली. महाराष्ट्राने आपला कायदा त्याच्याशी जुळवून घेतला. १०० दिवसांपर्यंतचा भार केंद्रीय कायद्याप्रमाणे आणि त्यापुढील दिवसांचा भार राज्याच्या निधीतून, अशी सांगड घालण्यात आली.

या कायद्याने खर्चाची वाटणी विचारपूर्वक केली होती. अकुशल मजुरी संपूर्णपणे केंद्राने द्यावयाची. साहित्य व कुशल कारागिरांची मजुरी यांपैकी तीन चतुर्थांश केंद्राने व एक चतुर्थांश राज्याने द्यावयाचे. बेकारी भत्ता मात्र संपूर्ण राज्याने द्यावयाचा. यातील मर्म असे की, राज्याने काम काढले तर मजुरीचा बोजा केंद्रावर जाई, आणि काम न काढले तर भत्त्याचा बोजा राज्यावर येई. काम देणे स्वस्त आणि काम न देणे महाग, अशी ही योजना होती. पैशाची वाटणी अशा रीतीने केली की कर्तव्याची जाणीव आपोआप राहते, हा त्यामागील हेतू होय.

डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने या कायद्याच्या जागी नवा कायदा संमत केला. त्याचे नाव विकसित भारत – गॅरंटी फॉर रोजगार अँड आजीविका मिशन (ग्रामीण) असे आहे. त्यात हमीचे दिवस १०० वरून १२५ करण्यात आले. खर्चाची वाटणी बहुतेक राज्यांसाठी केंद्राचे ६० टक्के व राज्याचे ४० टक्के, आणि ईशान्येकडील व हिमालयातील राज्यांसाठी ९० व १० टक्के, अशी ठरविण्यात आली. प्रत्येक राज्यास दरसाल किती रक्कम द्यावयाची हे केंद्राने अगोदर ठरवावे, आणि तीपेक्षा अधिक खर्च झाल्यास तो राज्याने सोसावा, अशी तरतूद त्यात आहे. पेरणी व कापणीच्या ऐन हंगामात शेतीला मजूर मिळावेत म्हणून वर्षातून एकूण ६० दिवसांपर्यंत ही कामे बंद ठेवण्याची मुभाही त्यात ठेवण्यात आली आहे.

एकाच नालाबांधाचे तीन हिशेब

हे सर्व एका उदाहरणाने स्पष्ट होईल. समजा, एका गावी १० लक्ष रुपयांचे काम आहे. त्यात अकुशल मजुरी ६ लक्ष आणि साहित्य व कुशल काम ४ लक्ष रुपये आहे. प्रशासकीय खर्च तूर्त बाजूला ठेवावा.

पहिला हिशेब १९७७ च्या महाराष्ट्राच्या कायद्याचा. संपूर्ण १० लक्ष रुपये राज्याच्या निधीतून यावयाचे. त्यांपैकी ५ लक्ष रोजगार हमीसाठी बसविलेल्या करांतून आणि ५ लक्ष राज्याच्या सर्वसाधारण तिजोरीतून. केंद्राचा वाटा काही नाही.

दुसरा हिशेब २००५ च्या केंद्रीय कायद्याचा. मजुरीचे ६ लक्ष केंद्राचे. साहित्याच्या ४ लक्षांपैकी ३ लक्ष केंद्राचे व १ लक्ष राज्याचे. एकूण केंद्राचे ९ लक्ष आणि राज्याचा १ लक्ष.

तिसरा हिशेब २०२५ च्या कायद्याचा. १० लक्षांपैकी ६ लक्ष केंद्राचे आणि ४ लक्ष राज्याचे. ठरवून दिलेली रक्कम संपल्यावर तेच काम काढले, तर सर्व १० लक्ष राज्याचे.

काम तेच, माती तीच, घामही तोच. परंतु तिन्ही हिशेबांत “वर” या शब्दाचा अर्थ निराळा आहे. पहिल्यात मजुराने राज्याकडे पाहावयाचे, दुसऱ्यात मुख्यतः केंद्राकडे, आणि तिसऱ्यात दोघांकडेही. ज्या राज्याची तिजोरी भरलेली आहे त्यास ४ लक्ष जड जाणार नाहीत. ज्याची रिती आहे त्याने आपला हिस्सा घातला नाही, तर केंद्राच्या वाट्याचाही उपयोग अपुरा राहील. म्हणून राज्याचा अर्थसंकल्प येतो तेव्हा या योजनेच्या शीर्षाखाली किती रक्कम धरली आहे, याकडे गावाचेही लक्ष असावयास हवे.

पैसा अडतो तेव्हा

दोन तिजोऱ्यांमधून जाणारा पैसा वाटेत कोठे कोठे अडतो, हे देशाच्या अनुभवावरून सांगता येते. २००५ च्या कायद्यानुसार मजुरी पंधरा दिवसांच्या आत मिळावयास हवी होती आणि उशीर झाल्यास भरपाई देय होती. प्रत्यक्षात विलंबाचे दोन टप्पे होते. हजेरीपट बंद झाल्यापासून तालुक्याने देयकाचा आदेश काढीपर्यंत पहिला, आणि आदेश निघाल्यापासून मजुराच्या खात्यात रक्कम जमा होईपर्यंत दुसरा. भरपाईचा हिशेब पहिल्या टप्प्यापुरताच होत असे. “स्वराज अभियान” प्रकरणी मे २०१८ मधील निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, विलंब कोणत्या टप्प्यावर झाला याच्याशी मजुराला कर्तव्य नाही. त्याला त्याची मजुरी वेळेवर मिळाली पाहिजे आणि दुसऱ्या टप्प्याची जबाबदारी केंद्रास टाळता येणार नाही.

दुसरे उदाहरण पश्चिम बंगालचे आहे. तेथील कामांत गैरव्यवहार झाल्याच्या कारणावरून केंद्राने मार्च २०२२ मध्ये कायद्याच्या कलम २७ खाली त्या राज्याचा निधी थांबविला. केंद्र व राज्य यांचा वाद चालू राहिला आणि कामे बंद पडली. केलेल्या कामाची थकलेली मजुरी पुढे २०२४ मध्ये राज्याने आपल्या तिजोरीतून दिली. जून २०२५ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने १ ऑगस्ट २०२५ पासून योजना पुन्हा सुरू करण्याचा आदेश दिला आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप करण्यास नकार दिला. गैरव्यवहाराची चौकशी होणे रास्तच आहे. परंतु ज्याने प्रामाणिकपणे माती उचलली त्याची मजुरी दोन सरकारांच्या वादात दोन वर्षे अडकून पडली, ही गोष्ट विसरता येत नाही. पैशाबरोबर येणाऱ्या अटी केवळ कागदावर राहत नाहीत. त्यांचा भार शेवटी सर्वांत खालच्या माणसावर पडतो.

ग्रामसेवकाच्या हातची कामे

तिजोरीचे निर्णय मुंबईस व दिल्लीस होतात हे खरे. तथापि ज्या कागदांवर ते निर्णय उभे राहतात त्यांची सुरुवात गावातूनच होते. म्हणून पुढील गोष्टींकडे ग्रामसेवकाने कटाक्षाने लक्ष पुरवावे.

(१) कामाची मागणी लेखी घ्यावी आणि अर्जदारास तारखेची पोच तत्काळ द्यावी. पोच नसेल तर मागणी झालीच नाही असे धरले जाते. मग बेकारी भत्त्याचा हक्क बुडतो आणि या गावात कामाची गरज नाही अशी नोंद वर जाते. 

(२) कामांचा वार्षिक आराखडा व मजुरांच्या मागणीचे अंदाजपत्रक ग्रामसभेत चर्चा करून करावे. कोणत्या महिन्यात गावातील माणसे ऊसतोडीला अथवा शहराकडे जातात, पेरणी व काढणीला किती हात लागतात, हे गावकऱ्यांइतके कोणास ठाऊक असणार? रक्कम अगोदर ठरवून मिळावयाची असेल तर अंदाज चुकण्याची किंमत अधिक पडते.

(३) मजुरी व साहित्य यांचे प्रमाण सांभाळावे. साहित्याची कामे वाढली की राज्याच्या हिश्श्याची व देयकांची गुंतागुंत वाढते. नालाबांध, समतल चर, गाळ काढणे व वृक्षलागवड ही कामे मजुराला रोजगार व शिवाराला पाणी अशी दोन्ही देतात.

(४) हजेरीपट वेळेवर बंद करावेत आणि मोजमाप त्याच आठवड्यात व्हावे. गावातील चार दिवसांचा आळस वर जाईपर्यंत चार आठवड्यांचा होतो.

(५) जमाखर्च व उपयोगिता प्रमाणपत्रे चोख ठेवावीत आणि सामाजिक अंकेक्षणाच्या वेळी सर्व कागद ग्रामसभेपुढे मांडावेत. एका गावातील खोट्या नोंदीमुळे साऱ्या तालुक्याचा हप्ता अडू शकतो.

(६) मजुरीचे दर, दिवसांची मर्यादा व अंमलबजावणीच्या तारखा यांविषयीचे नवे शासन निर्णय पंचायत समितीतून वेळोवेळी आणून ग्रामसभेत वाचून दाखवावेत.

शेतकरी बंधूंनीही या योजनेकडे केवळ मजुरांची योजना म्हणून पाहू नये. १९९०-९१ पासून महाराष्ट्रात रोजगार हमीच्या पैशातून शेतकऱ्यांच्या स्वतःच्या जमिनीवर फळबागा लावण्यात आल्या. आंबा, डाळिंब, बोर, काजू व चिकू यांची लागवड कोरडवाहू मुलखात वाढली, त्यात या पैशाचा मोठा वाटा आहे. जो निधी शहरातील नोकरदाराच्या पगारातून आला तो शेतकऱ्याच्या बांधावर झाड होऊन उभा राहिला.

समारोप

रोजगार हमीचा रुपया अनेक हातांतून येतो. त्यात प्राप्तिकर भरणारा व्यापारी आहे, व्यवसाय कर देणारा शिक्षक आहे, दुकानात वस्तू व सेवा कर मोजणारा मजूर स्वतःही आहे. हा रुपया दया म्हणून दिलेला नाही. कायद्याने मान्य केलेले ते देणे आहे. मात्र देणे कोणाचे, किती आणि केव्हाचे, हे ठाऊक असलेल्या गावालाच ते नेमके मागता येते. यापुढे मजुराने “आमचा पैसा अडला कोठे?” असे विचारले, तर नुसते वर बोट दाखवू नये. मोजमाप झाले की नाही, आदेश निघाला की नाही, राज्याचा हिस्सा पडला की नाही आणि केंद्राचा हप्ता आला की नाही, ही चार उत्तरे त्याला द्यावीत. ती देता यावीत इतके ग्रामसेवकाचे दप्तर चोख असणे, हाच हमी खरी होण्याचा गावापुरता उपाय होय.